झाडं 400, पण शेतं दोनच

यावलच्या दादांचा मुद्दा असा: एका शेतात जिवाणू खत दिलेली केळीची 200 झाडं, शेजारच्या शेतात न दिलेली 200, घडांची वजनं घेतली, टी-टेस्टमध्ये (दोन गटांच्या सरासरीतला फरक तपासणारी चाचणी) पी (खतामुळे काहीच फरक पडत नसताना योगायोगाने एवढा किंवा याहून मोठा फरक दिसण्याची शक्यता) 0.05 च्या खाली आला, म्हणजे खत लागू पडलं. मला हे अजिबात पटत नाही.

खत शेताला दिलंय, त्यामुळे तुलना एका शेताची दुसऱ्या एका शेताशी आहे. आपल्या रावेर-यावल पट्ट्यात बांध ओलांडला की जमीन बदलते, ठिबकचा दाब बदलतो, रोपांचा लॉटही वेगळा असतो. एकाच व्हॉल्व्हवरची झाडं सारखंच पाणी पितात, त्यांचे घडही सारखे येतात. टी-टेस्ट मात्र प्रत्येक झाड स्वतंत्र धरते आणि त्रुटी (अंदाजातली अनिश्चितता) आहे त्याहून लहान दाखवते. परिसंस्था-अभ्यासक हर्लबर्ट यांनी 1984 मध्ये यालाच ‘स्यूडोरेप्लिकेशन’, म्हणजे खोटी पुनरावृत्ती, म्हटलं.

मिश्र मॉडेल (एकाच शेतातली झाडं एकमेकांसारखी असतात हे हिशेबात धरणारी पद्धत) लावा असं कुणी सुचवलंय. एरवी योग्यच, पण दोनच शेतं असताना शेताचा फरक आणि खताचा फरक कुठलंही मॉडेल वेगळा काढू शकत नाही.

येत्या मृगबागेला (जून-जुलैच्या लागवडीला) सात-आठ शेतकरी गाठा. प्रत्येकाच्या शेतात दोन पट्टे पाडा, खत कुठल्या पट्ट्याला ते चिठ्ठी टाकून ठरवा. संख्याशास्त्रज्ञ फिशर यांची ब्लॉक पद्धत ती हीच: प्रत्येक शेत एक ब्लॉक, तुलना त्याच्या आतच. पट्ट्यात वीस झाडं मोजली तरी पुरे; कडेच्या ओळी तेवढ्या सोडा, तिथली पानं वाऱ्याने फाटतात. आणि नुसता पी देऊ नका. घडामागे किती किलोचा फरक, आणि त्याची 95 टक्के विश्वास-मर्यादा (खरा फरक साधारण कुठून कुठपर्यंत असू शकतो ते) काय, हे लिहा. खताचा खर्च निघतो का, ते त्यावरूनच कळेल.