प्राँगहॉर्नला मराठीत काय म्हणावे?

विचारणा (होटगी रस्ता, सोलापूर)
शाळेच्या भित्तिपत्रकासाठी आम्ही गवताळ प्रदेशांतील प्राण्यांवर मजकूर तयार करीत आहोत. नान्नजच्या माळरानावरचे काळवीट मुलांनी पाहिले आहे, म्हणून त्याच्या शेजारी उत्तर अमेरिकेतील प्राँगहॉर्नचे चित्र लावले. एका विद्यार्थिनीने त्याखाली ‘अमेरिकी काळवीट’ असे लिहिले आहे. हे नाव योग्य ठरेल का?

उत्तर १
कृपया ते नाव ठेवू नये. काळवीट हे गाय, शेळी यांच्या कुळातले. प्राँगहॉर्नचे कुळ वेगळे असून त्यातली ही एकच जाती आज उरली आहे, आणि तिचे सर्वांत जवळचे जिवंत आप्त म्हणजे जिराफ व ओकापी (आफ्रिकेच्या जंगलातला जिराफाचा आखूड मानेचा नातेवाईक). फरक शिंगांतच दिसतो. काळविटाची पिळदार शिंगे आयुष्यभर टिकतात आणि सांबराची ठरावीक काळाने मुळापासून गळतात. प्राँगहॉर्नच्या डोक्यावर मात्र हाडाचा गाभा कायम राहतो, आणि त्यावरचे नखासारख्या द्रव्याचे आवरण दरवर्षी गळून नवे येते. शिंगाला पुढच्या बाजूने फुटणारा फाटा हा या आवरणाचाच असतो, आतल्या हाडाला तो नसतो. मुलांना हे अवश्य सांगा.

उत्तर २
चौशिंगा हे नाव जसे शिंगांवरून पडले, तसे याला ‘फाटेशिंगा’ म्हणता येईल. हा गोंधळ जुनाच आहे: अमेरिकेच्या पश्चिम भागाचा शोध घेणाऱ्या लुइस आणि क्लार्क यांच्या मोहिमेतील नोंदींत याला शेळी म्हटले आहे आणि १८१५ मध्ये प्राणिशास्त्रज्ञ जॉर्ज ऑर्ड यांनी त्याचे शास्त्रीय वर्णन केले. या प्राण्याच्या ‘अँटिलोकॅप्रा’ या शास्त्रीय नावात कुरंग आणि शेळी एकत्र आले आहेत. आपल्या काळविटाच्या ‘सर्व्हिकॅप्रा’ या नावातही हरीण आणि शेळी आहेतच!

उत्तर ३
‘फाटेशिंगा’ मला आवडले, तरी ते आपण आजच घडवलेले आहे. म्हणून आधी ‘प्राँगहॉर्न’ लिहून पुढे ते द्यावे, म्हणजे मुलांना पुढे इतरत्र शोध घेता येईल. आणखी एक गोष्ट लिहावीशी वाटते. काळवीट उंच उडी घेते, तर ताशी सुमारे ८८ किलोमीटर वेगाने धावू शकणारा हा प्राणी तारेच्या कुंपणावरून सहसा उडी घेत नाही, खालून सरपटत जातो. म्हणून तिकडे कुंपणाची सर्वांत खालची तार उंच, बिनकाट्याची ठेवण्याचा आग्रह धरला जातो.

विचारणाकर्ता
आभारी आहे. चित्राखाली ‘प्राँगहॉर्न (फाटेशिंगा)’ असे लिहीत आहोत, आणि शिंगाचा गाभा व आवरण दाखवणारी आकृती त्या विद्यार्थिनीलाच काढायला दिली आहे.