शॉर्टफिल्ममधल्या बायका मैत्रिणी वाटतच नाहीयेत, काय करू?

१८ मिनिटांची फिल्म शूट करून झालीये. एकाच बिल्डिंगमधल्या पाच जणी, एकीचा हात मोडतो आणि बाकीच्या तिचं घर सांभाळतात, एवढीच गोष्ट. पण पहिला कट बघितला तर सगळं खोटं वाटतंय. शेवटी गच्चीवर तीन मिनिटांचा सीन आहे, सगळ्या एकमेकींना "तू होतीस म्हणून मी तरले" टाइप बोलतात आणि रडतात, शूटच्या दिवशी आख्खं युनिट रडलं होतं आणि आता मलाच मधे मोबाईल बघावासा वाटतो. रीशूटला पैसे नाहीत.

कात्रीवाली: गच्चीचा सीन आवाज बंद करून बघ. बोलणारीचा क्लोजअप सोड, ऐकणारीवर राहा, आणि निम्मी वाक्यं उडव. रूम टोन, म्हणजे कुणी बोलत नसतानाचा त्या जागेचा नुसता आवाज, घेतला होतास ना? नसेल तर वाक्य काढलं की मागचा आवाज तुटल्यासारखा येतो, मग प्रत्येक टेकला ॲक्शन म्हणायच्या आधी जी दोन-चार सेकंद शांतता असते ना तीच जोडून वापर.

मागची_रांग: बेक्डेल टेस्ट लावून बघा. ॲलिसन बेक्डेलच्या १९८५ च्या कॉमिक स्ट्रिपमधून आलीये, दोन बायका हव्यात, त्यांनी एकमेकींशी बोलायला हवं आणि विषय पुरुष सोडून दुसरा हवा. तुमची फिल्म आरामात पास होईल आणि तरी बोअर होईल, कारण पाचही जणी सारख्याच गोड! एकीलाही कंटाळा येत नाही? कुणी टोमणा मारत नाही? (ऑस्करवाले क्रेडिट्स धरून ४० मिनिटांपर्यंत शॉर्ट मानतात, म्हणून १८ ची २५ करत बसू नका प्लीज.)

मूळ प्रश्नवाली: कुरकुर आहे एका शॉटमध्ये. शेजारीण हात मोडलेल्या बाईची वेणी घालतेय, ही म्हणते "किती घट्ट घालतेस गं", ती काही न बोलता सगळी सोडते आणि पुन्हा घालते, आधीपेक्षा घट्ट. कॉमेडी वाटली म्हणून काढला.

कात्रीवाली: काढलास?? किती सेकंदांचा आहे?

मूळ प्रश्नवाली: ४०. पण मधे फोकस गेलाय.

कात्रीवाली: जाऊ दे गं. दुसऱ्यांदा वेणी ओढते तेव्हा आहे ना फोकस?

मूळ प्रश्नवाली: तेव्हा आहे. आणि ही हसू दाबतेय ते पण दिसतंय.