अराजकतावादी म्हणजे नुसती मोडतोड? कॉलिन वॉर्ड बघा

अराजकतावाद्यांबद्दल, म्हणजे सरकार आणि वरची सत्ता नको म्हणणाऱ्यांबद्दल, कुणीतरी म्हटलंय की हे लोक मोडा म्हणतात पण उभं काय करायचं ते सांगत नाहीत. अहो, कॉलिन वॉर्ड या ब्रिटिश अराजकतावादी लेखकाने (१९२४-२०१०) आयुष्यभर तेच तर सांगितलं! १९४५ साली 'वॉर कॉमेंटरी' या अराजकतावादी पेपरच्या संपादकांवर सैनिकांना फितवल्याचा खटला झाला, त्यात सरकारने याला साक्षीला बोलावलं, तेव्हा हा स्वतः सैन्यात, आणि याने सरळ सांगितलं की तो पेपर वाचून मी काही फितलो नाही, तरी तिघा संपादकांना नऊ महिन्यांची शिक्षा झालीच आणि हा पुढे त्यांच्याच 'फ्रीडम' या पेपरचा संपादक झाला.

मला सगळ्यात भिडतं ते १९४६ चं. दुसऱ्या महायुद्धानंतर ब्रिटनमध्ये घरं नव्हती म्हणून हजारो कुटुंबं रिकाम्या लष्करी छावण्यांत घुसली, पडदे आडवे लावून खोल्या केल्या, स्वैपाक एकत्र, पोरं आळीपाळीने सांभाळायची. वॉर्ड यावर परतपरत लिहितो, कारण त्याच्या मते लोक हुकमाशिवाय रोजच कामं करत असतात, आपलं तिकडे लक्ष नसतं इतकंच. त्याचं 'अ‍ॅनार्की इन अ‍ॅक्शन' (१९७३) हे पुस्तक वाचाच, भाषा एकदम सोपी आहे, शाळा, घरं, मुलांची खेळायची मैदानं, सगळं आहे त्यात.