गोंडस पोरी आणि हातात कोयता: जपानी हौशी गेम इतके भेसूर का?

सातरस्ता_सुहास
धाकटा भाऊ पुण्याहून आलाय. त्यानं लॅपटॉपवर ‘हिगुराशी’ नावाचा जपानी गेम दाखवला. मोठ्ठ्या डोळ्यांच्या पोरी, खेडेगाव, डबे खाणं, पत्ते खेळणं. आणि थोड्या वेळानं त्यातलीच एक कोयता घेऊन मागं लागते! वर हा म्हणतो, हे कंपनीचं नाही, हौशी लोकांनी केलंय. हौसेनं माणूस गोड काहीतरी करेल की. ह्यांना हेच का सुचतं? आईनं तर दिवेलागणीला लॅपटॉपच मिटवला.

जेकार्डवाली
हौशी आहेत म्हणूनच सुचतं. मी अक्कलकोट रोडला टॉवेलची जेकार्ड डिझाइनं काढते. मालक म्हणतो मोर, की मोर. गिऱ्हाईक म्हणतं गुलाब, की गुलाब. हिगुराशी करणाऱ्या माणसाला असं सांगणारं कोणी नव्हतं. सरकारी नोकरी सांभाळून गोष्ट लिहिली, चित्रंही स्वतःच काढली (हात बघा, फुगलेले हातमोजे!) आणि ऑगस्ट २००२ मध्ये टोकियोच्या कॉमिकेटमध्ये पहिला भाग विकायला ठेवला. २००६ पर्यंत आठ भाग झाले. हा कॉमिकेट म्हणजे हौशी लोकांच्या कॉमिक्स-गेमचा, १९७५ मध्ये ३२ गटांवर सुरू झालेला बाजार, आता लाखोंनी माणसं येतात.

कोयत्याचं म्हणाल तर मला त्यापेक्षा धरण जास्त लागलं. गोष्टीतलं गाव धरणाखाली जाणार असतं. लोक लढतात, धरण रद्द होतं. त्यानंतर दरवर्षी गावच्या उत्सवाच्या रात्री कोणीतरी मरतं, कोणीतरी नाहीसं होतं, आणि जिंकलेलं गाव एकमेकांकडं संशयानं बघायला लागतं. माझ्या आईचं माहेर करमाळ्याकडचं, उजनीत गेलं. आमची माणसं हरली. पण कोण आधी मोबदला घेऊन उठलं, ह्यावरून दोन मामा अजून एका पंगतीला बसत नाहीत. पोरींचे चेहरे गोड नसते तर मी ह्या गावाच्या भानगडीत शिरलेच नसते.

पार्कचौक
ताई, एवढं खोल सगळंच नसतं हो. ती ‘युक्कुरी’ मुंडकी बघा. ‘तोहो’ नावाच्या हौशी गेममधल्या रेइमू-मारिसा ह्या पोरींची नुसती डोकी, आत गोड पुरण, आणि लोक पानंच्या पानं त्यांच्या छळाची कॉमिक्स काढतात. ह्यात कसला खोल अर्थ?

जेकार्डवाली
बरंच नुसतं विकृत आहे, मान्य. मीही अर्ध्यात सोडलंय. पण त्यातली चांगली कॉमिक्स चलाख असतात. ते मुंडकं फुकटं, उर्मट, दुसऱ्याच्या घरात घुसून ‘हे माझं घर’ म्हणणारं. दोन पानांत आपल्यालाच वाटतं, हाणा ह्याला. आणि हाणणारा माणूस हळूहळू त्याच्यापेक्षा किळसवाणा होत जातो. तोवर आपण त्याच्या बाजूनं उभे असतो! आणि हौशी म्हणजे सगळंच क्रूर असंही नाही. डोरेमॉनचा कोणीतरी काढलेला शेवटचा भाग २००५ मध्ये आला. इतका हळवा आणि इतका खपला की प्रकाशकानं हरकत घेतली, काढणाऱ्याला माफी मागून पैसे भरावे लागले.

सातरस्ता_सुहास
धरणाचं भाऊ बोललाच नव्हता. त्याला फक्त कोयता दिसला होय! कुठल्या भागापासून सुरू करू?

जेकार्डवाली
पहिल्यापासूनच, क्रम मोडू नका. आणि हेडफोन लावा, निम्मी भीती आवाजात आहे. आईही झोपलेली असू दे.