अनुभव सांगा: जर-तर काच हाती आली तेव्हा काय दिसलं?

लहानपणी मी आणि माझी धाकटी बहीण एक खेळ खेळायचो. घरात एक गोल भिंग होतं, कडेला टवका उडालेलं, दांडी कधीच हरवलेली. त्याला आम्ही 'जर-तर काच' म्हणायचो. अंगठ्याने कड फिरवली की जे घडलं नाही ते दिसतं आणि मधोमध दाबलं की तेच खरं होतं. नियम बहिणीने केला होता, सहा वर्षांची असताना: बघायचं कितीही वेळा, दाबायचं आयुष्यात एकदाच, आणि दाबल्यावर कोणाला सांगायचं नाही.

परवा जुना डबा आवरताना ती काच सापडली. हातात घेतली आणि अंगठा आपोआप कडेवर गेला. म्हणून ही विनंती. हाताला येईल ती गोल वस्तू घ्या, दहा मिनिटं एकटे बसा, आयुष्यातला एक फाटा निवडा आणि खरंच फिरवून बघा. 'असं केलं असतं तर बरं झालं असतं' एवढ्यावर थांबू नका. काय दिसलं, कुठे अडलं, दाबलंत का, ते लिहा. आलेले अनुभव खाली एकेक करून देते आहे.

✱

माझी गाडी दोन मिनिटांनी चुकली होती. फलाटावर पोचलो तेव्हा शेवटच्या डब्याचा लाल दिवा अजून दिसत होता. मुलाखत हुकली. अकरा वर्षं झाली, तो दिवा डोळ्यांपुढून जात नाही. तासभर उशीर झाला असता तर इतकं लागलं नसतं. पुढे वाचनात आलं की डॅनियल कानेमान आणि एमॉस ट्वर्स्की या मानसशास्त्रज्ञांनी 1982 साली जवळपास हाच प्रश्न लोकांना विचारला होता. दोन प्रवासी विमानतळावर अर्धा तास उशिरा पोचतात. एकाचं विमान वेळेवर गेलेलं, दुसऱ्याचं रखडून पाचच मिनिटांपूर्वी उडालेलं. जास्त हळहळ कोणाला? 96 टक्के लोक म्हणाले, दुसऱ्याला. नुकसान दोघांचं सारखंच, पण दुसऱ्याला ते विमान मनात सहज पकडता येतं.

मी बाटलीचं झाकण घेऊन बसलो. जिना उतरलो, गाडी मिळाली, मुलाखतीच्या खोलीत गेलो आणि पुढचं सगळं छानच दिसायला लागलं. तेव्हा लक्षात आलं, अकरा वर्षांत त्या खोलीत मला एकदाही नकार मिळालेला नाही. मग मुद्दाम नकार मिळतोय असं बघायचा प्रयत्न केला. दिसला, पण त्यासाठी फार जोर लावावा लागला. दाबलं नाही.

✱

मी भौतिकशास्त्र शिकवते, म्हणून आधी थोडं त्यातलं. ह्यू एव्हरेट यांनी 1957 साली प्रिन्स्टनमधल्या प्रबंधात असं मांडलं की सूक्ष्म कणाचं मोजमाप केल्यावर त्याच्या अनेक शक्यतांपैकी एक उरते आणि बाकीच्या नाहीशा होतात, असं मानायची गरजच नाही. समीकरण जसंच्या तसं चालू ठेवलं तर सगळ्याच शक्यता राहतात, आपण त्यातल्या एका फांदीवर असतो. हे सगळ्या शास्त्रज्ञांना पटलेलं नाही. आणि पटलं तरी आपली काच चालायची नाही, कारण भोवतालचे हवेचे रेणू आणि प्रकाशकण यांच्यात गुंतल्यावर फांद्या एकमेकींपासून तुटतात. डोकावताही येत नाही, बदलणं तर दूरच.

हे शिकवलं त्या दिवशी तास संपल्यावर एक मुलगी मागे थांबली. म्हणाली, "बाई, मग कुठल्या तरी फांदीवर माझी आई असेल?" मी तिला सांगितलं की आपल्याला वाटतं म्हणून फांद्या फुटतात असं हा सिद्धांत म्हणत नाही. उत्तर बरोबर होतं. ती मान डोलावून गेली.

मी त्याच वर्गात परत गेले. काच फिरवली, तर तिकडची मी काही बोलायच्या आधी खुर्ची ओढून तिच्या शेजारी बसली होती. मी दाबलं.

✱

माझ्या मुलाला जन्मापासून ऐकू येत नाही. काचेत ऐकणारा मुलगा बघितला. हाक मारली तर धावत आला. पण त्याचे हात नुसते खाली लोंबत होते, काहीच बोलत नव्हते. मला तो ओळखता येईना. काच खाली ठेवली.

✱

बाबा रात्री दोन वाजता उठून बसले होते. छातीवर तळहात गोल गोल फिरवत होते, वरून खाली, पुन्हा वर. म्हणाले, "गॅस झालाय, झोप तू." मी पाणी दिलं आणि झोपले. सकाळपर्यंत ते गेले होते.

त्या रात्रीचं चाक मी नऊ वर्षं फिरवते आहे, काचेशिवायच. या वेळी मात्र सांगितल्याप्रमाणे बसले, हातात बाबांच्या चष्म्याची निखळलेली काच घेऊन. काचेतली मी झोपत नाही. फोन करते, रुग्णवाहिका येते, बाबा चिडतात, तरी जिना उतरतात. इथपर्यंत नेहमीचंच. यापुढे मी कधी गेले नव्हते, बाबा वाचले की थांबायचे. या वेळी थांबले नाही. ते घरी आले, खिडकीजवळ बसले, आणि मी त्यांच्या बोलण्याची वाट बघत राहिले.

ते बोलले. "दिवा बंद कर, कोणी बसलं नाहीये तिथे." मग म्हणाले, "एवढ्या उन्हात कशाला गेलीस?" ही सगळी त्यांची जुनी वाक्यं. माझ्या मुलीबद्दल त्यांनी काहीतरी म्हणावं म्हणून मी तिला त्यांच्यासमोर नेलं. ती त्यांच्यानंतर जन्मली. बाबांनी तिच्याकडे बघितलं आणि ते गप्प राहिले. नवं वाक्य मला त्यांच्या तोंडी घालताच येईना. किती तरी वेळ प्रयत्न केला.

दाबलं का, हे मी लिहिणार नाही. नियम आहे ना तसा.

✱

मोठ्या भावाला रागाच्या भरात पाठवलेला एक निरोप मला पुसायचा होता. पुसला. तर भांडण दुसऱ्या दिवशी झालं. मग त्याआधीचं बोलणं बदललं, मग त्याच्याही आधीचं. मागे मागे जात आम्ही दोघं शाळेत पोचलो, तरी कुठला धागा ओढायचा ते कळेना. हवामानशास्त्रज्ञ एडवर्ड लॉरेन्झ यांनी 1961 साली संगणकावर हवामानाचं गणित पुन्हा चालवताना 0.506127 ऐवजी 0.506 एवढंच भरलं आणि पुढचं हवामान पार वेगळं निघालं. त्यांना निदान कुठला आकडा बदलला ते ठाऊक होतं. मी दादाला अजून फोन केलेला नाही.

✱

हे सगळे अनुभव मी काल बहिणीला फोनवर वाचून दाखवले. बाबांचा वाचताना मध्ये थांबावं लागलं. शेवटी तिला विचारलं, तुझं ते 'एकदाच' अजून शिल्लक आहे का?

"नाही गं ताई," ती म्हणाली. "तू जिन्यावरून पडलीस ना, तेव्हाच संपलं. मी वरच्या पायरीवर उभी होते, काच माझ्या खिशात होती. तू डोक्यावर पडणार होतीस. मी डोळे मिटून दाबलं."

मला ते पडणं चांगलं आठवतं. डावा हात मोडला होता, सहा आठवडे प्लास्टर होतं, आणि ती रोज माझ्या दप्तराचे बंद लावून द्यायची. का, ते कधीच सांगितलं नव्हतं.

"हाताचं वाईट वाटलं," ती म्हणाली, "पण तेवढंच जमलं मला."