मूकपटात बंदुकांची तस्करी: चौदा पाट्या झाल्यात, काय कापू?

पाटीबहाद्दर: दहा मिनिटांचा मूकपट लिहितोय. डिसेंबर १९१३, अमेरिकेतलं एल पासो आणि नदीपलीकडचं मेक्सिकोतलं हुआरेस. हुआरेस मेक्सिकन बंडखोरांचा सेनानी पांचो व्हिया याने नुकतंच घेतलंय, पण अमेरिकेतून बंडखोरांना शस्त्रं द्यायला बंदी आहे. मी रात्र, खेचरं, नदी, पेट्या असा प्रसंग लिहिला आणि वाचताना मलाच जांभई आली. वर बंदी समजावता समजावता चौदा पाट्या (पडद्यावर मजकूर दाखवणाऱ्या) झाल्या.

जुनं रीळ: रात्र कापा, खेचरंही कापा. तेव्हाची रात्र म्हणजे बहुतेकदा भर उन्हात शूट करून निळ्या रंगात बुडवलेली फिल्म. त्यापेक्षा दोन गावांमधली विजेची ट्राम घ्या, दिवसाढवळ्या. बायका झग्याखाली काडतुसं बांधून पूल ओलांडायच्या.

लपवलेला माल दिसत नाही, त्याचं वजन दिसतं. माउझर रायफलची शंभर काडतुसं जवळपास अडीच किलो भरतात. तीनशे बांधलेली बाई ट्रामची पायरी चढताना आधी दांडा धरेल, मग पाय उचलेल. बाकावर धपकन बसणार नाही, हळूच टेकेल. खणखणलं तर संपलं. सिनेमा मुका आहे हे विसरून लोक कान टवकारतील.

नटीला खरं वजन बांधा. नाटकात मी पोटाला वाळूची पिशवी बांधून दीड तास वावरलोय. पाचव्या मिनिटाला अभिनय संपतो आणि कंबर बोलायला लागते.

शिवणटिपण: झगा जपून निवडा. १९१३ची शहरी फॅशन घोट्याशी अरुंद झग्यांची, त्यात काडतूस काय, पाऊलही नीट पडत नाही. कामकरी बाईचा जुना घेरदार झगा द्या.

पाटीबहाद्दर: आणि बंदी कशी कळणार?

जुनं रीळ: पुलावर झडती घेणारा शिपाई उभा करा, कळेल. अमेरिकेचे अध्यक्ष विल्सन यांनी ३ फेब्रुवारी १९१४ला बंदी उठवली. शेवटी तारखेची एक पाटी, तीच ट्राम, तीच बाई. खिडकीबाहेर उघड्या गाडीतून रायफलींच्या पेट्या चालल्यात आणि शिपाई विडी पेटवतोय.

पाटीबहाद्दर: चौदाच्या तीन केल्या! आता क्लोज-अप एकच परवडतोय. दांड्यावरचा हात की शिपायाचे डोळे?

जुनं रीळ: हात. शिपायाला काही दिसतच नाहीये, त्याचे डोळे घेऊन काय करणार?