मदत हवी आहे: नगरपालिकेतील हंगामी कामगारास कायम होण्याचा हक्क

माझे धाकटे बंधू एका नगरपालिकेच्या पाणीपुरवठा विभागात अनेक वर्षे हंगामी कामगार म्हणून काम करीत असून, दर काही महिन्यांनी एक-दोन दिवसांचा खंड दाखवून त्यांना पुन्हा नवा आदेश दिला जातो. काम मात्र बारमाही आहे. आदर्श स्थायी आदेशांतील (कामगारांच्या सेवाशर्तींच्या सरकारी नमुना नियमांतील) कलम ४-सी नुसार बारा महिन्यांत २४० दिवस भरल्यास कायम होण्याचा हक्क मिळतो, आणि वर्षानुवर्षे हंगामी ठेवणे ही कामगार संघटनांना मान्यता व अनुचित कामगार प्रथांना प्रतिबंध यांविषयीच्या १९७१ च्या महाराष्ट्र कायद्याच्या चौथ्या अनुसूचीतील बाब ६ प्रमाणे अनुचित कामगार प्रथा ठरते, एवढे मी वाचले आहे. परंतु मंजूर पदावर नियमानुसार भरती न झालेल्यांना कायम होण्याचा हक्क नाही, असे सांगणाऱ्या सर्वोच्च न्यायालयाच्या २००६ च्या उमादेवी निकालाचा आधार घेऊन कार्यालय नकार देते. २००९ च्या एस.टी. महामंडळाच्या प्रकरणात तर सर्वोच्च न्यायालयानेच औद्योगिक न्यायालयाचे अधिकार त्या निकालाने संपत नाहीत, असे म्हटले आहे. मग मंजूर पद रिक्त असल्याचे कामगाराने कसे सिद्ध करावे, माहितीच्या अधिकारात नेमकी कोणती कागदपत्रे मागावीत? शिवाय बाब ६ ची तक्रार मान्यताप्राप्त संघटनेमार्फतच करायची असते; ती संघटना कायम कामगारांचीच असून तक्रार करण्यास तयार नसेल, तर बाब ६ खाली दाद कोणी मागायची? अशी प्रकरणे चालवलेल्या वकिलांनी व कार्यकर्त्यांनी कृपया मार्गदर्शन करावे, कारण पुढचा खंड जवळ आला आहे.